मागदेशाची ताणाई : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ताणाई ही मागदेश या काल्पनिक जगातील काळाची आणि नशिबाची देवता आहे. हे जग मी सोलापुरात बसून रचले. त्याच्या कथा आधी पूर्व भागातल्या, म्हणजे सोलापूरच्या विणकरवस्तीतल्या, आमच्या मित्रमंडळींत वाचल्या गेल्या आणि पुढे त्या जगात भूमिका घेऊन खेळणाऱ्या मुलांनी ताणाईबद्दल इतके प्रश्न विचारले, की प्रत्येकाला निराळे उत्तर देत बसण्यापेक्षा सगळी उत्तरे एके ठिकाणी लिहून ठेवणे मला सोयीचे वाटले. काही उत्तरे लांबली आहेत, कारण माग समजल्याशिवाय ताणाई समजत नाही आणि सोलापुरातही आता माग जवळून पाहिलेली मुले कमी होत चालली आहेत.

ताणाई नावाची देवी खरोखर आहे का? तिचे देऊळ कुठे आहे?

नाही. मरीआई, सटवाई या नावांच्या चालीवर मी हे नाव बांधले आहे, त्यामुळे ते कानाला जुने लागते, एवढेच. एका वाचकाने सोलापूरच्या साखर पेठेत चौकशी करून पाहिल्याचे कळवले होते. त्यांना झालेल्या पायपिटीबद्दल मी दिलगीर आहे.

ती काळाची देवता की नशिबाची? एकाच देवतेकडे दोन खाती कशी?

मागावर दोन प्रकारचे धागे असतात. उभा धागा म्हणजे ताणा. तो विणकाम सुरू होण्याच्या आधीच मोजून, खळ (कांजी) लावून, ताणून बसवलेला असतो आणि एकदा बसवल्यावर त्याची लांबी, त्याची जागा व त्याचे शेजारी बदलता येत नाहीत. आडवा धागा म्हणजे बाणा. तो धोट्यात, म्हणजे इकडून तिकडे धावणाऱ्या लाकडी नावेत, ठेवलेल्या कांडीवरून (सूत गुंडाळलेल्या नळीवरून) सुटत एका काठाकडून दुसऱ्या काठाकडे धावत असतो. पायाखालची पावडी दाबली, की ताण्याचे काही धागे वर उचलले जातात, काही खाली राहतात आणि मध्ये एक फट उघडते; त्या फटीतून धोटा पलीकडे जातो, कंगव्यासारखी फणी पुढे येऊन नुकताच पडलेला धागा ठोकून बसवते आणि फट मिटते. पुन्हा पावडी, पुन्हा फट.

मागदेशात त्या उघड्या फटीला ‘आता’ म्हणतात. फणीच्या अलीकडे, विणणारणीच्या पोटाशी गुंडाळले जाणारे कापड म्हणजे होऊन गेलेला काळ आणि फणीच्या पलीकडे नुसताच ताणलेला ताणा म्हणजे यायचा काळ. मागदेशातला प्रत्येक जीव हा त्या ताण्यातला एक धागा आहे. त्याचे घर, त्याची भाषा, त्याची अंगकाठी आणि बापाने करून ठेवलेले कर्ज हे सारे त्या धाग्याच्या जागेवरून ठरते. ज्याला आपण नशीब म्हणतो ते ताणा बसवतानाच बसलेले असते आणि ज्याला आपण काळ म्हणतो तो त्याच ताण्याचे कापड होत जाणे होय. खाते एकच आहे. त्याला दोन नावे आहेत.

आपल्याकडे नशीब लिहिलेले असते. ते विणायचे कशाला?

हा प्रश्न मला सर्वांत आवडतो. मराठीत नशिबाचे बहुतेक शब्द लिहिण्याचे आहेत : विधिलिखित, ब्रह्मलिखित, ललाटलेख. बाळ जन्मल्यावर पाचव्या-सहाव्या रात्री सटवाई येऊन त्याच्या कपाळावर लिहून जाते, म्हणून पाटावर कोरा कागद आणि लेखणी ठेवण्याची रीत कित्येक घरांत आजही पाळली जाते. ही कल्पना मला लहानपणापासून थोडी भीतिदायक वाटत आली आहे. लिहिणारी एकटी असते, बाळ झोपलेले असते आणि सकाळपर्यंत सगळे आटोपलेले असते. कथा लिहिणाऱ्याची तर याने फारच पंचाईत होते, कारण पात्राने काहीही केले तरी ते आधीच लिहिलेले निघते आणि वाचणारा नुसता वाट पाहत राहतो.

विणण्यात असे होत नाही. ताणा देवीचा असला, तरी त्यातून जाणारा बाणा मागदेशातल्या माणसांचा असतो; त्यांनी केलेल्या प्रत्येक कृतीची कांडी होते आणि ताणाई ती धोट्यात घालून फेकते, मग ती कांडी तिला पसंत असो वा नसो. मराठीने येथे माझे निम्मे काम आयते करून ठेवले आहे. बाणा म्हणजे मागावरचा आडवा धागा, आणि बाणा म्हणजे माणसाने एकदा पत्करलेले व मग न सोडलेले ब्रीदही. ज्याला बाणा नाही त्याच्या ताण्याचे कापड होत नाही. तो नुसता ताणलेला राहतो. ‘ताण’ हा शब्द आपण हल्ली मनाच्या अवस्थेसाठी उठताबसता वापरतो, त्याचाही उपयोग मी करून घेतला आहे. सैल ताण्यात फट नीट उघडत नाही आणि धोटा अडकतो, फाजील ताणलेला ताणा तटकन तुटतो. मागदेशातल्या आया आपल्या मुलांसाठी ‘बेताचा ताण दे’ एवढेच मागणे मागतात.

आणखी एक गोष्ट मागामुळेच सुचली. आडवा धागा एकाच उभ्या धाग्याशी थांबत नाही; तो या काठापासून त्या काठापर्यंत प्रत्येक धाग्याच्या वरून किंवा खालून जातो. म्हणून मागदेशात कोणाचेही कृत्य खासगी नसते. एका कोळ्याने खोटे वजन केले, तर तो बाणा दूरच्या डोंगरातल्या अनोळखी मेंढपाळाच्या धाग्यावरूनही जाणार असतो. मात्र बाण्याला मर्यादा आहे आणि ती मी मुद्दाम ठेवली आहे : विसाच्या, म्हणजे जाड्या सुताच्या, ताण्यावर कितीही भारी रेशीम फेकले, तरी पैठणी होत नाही.

ताणाईला भविष्य दिसते का?

अर्धे दिसते. ती खड्डामागावर बसते, म्हणजे बैठक जमिनीच्या पातळीवर आणि पाय खाली खड्ड्यातल्या पावड्यांवर. अशा मागावर बसलेल्या माणसाच्या नजरेसमोर विणलेले कापड वीतभरच असते, बाकीचे गुंडाळले जाऊन आड गेलेले असते; समोर दूरपर्यंत ताणा दिसतो. धागे किती, कोणता बारीक, कोणता आधीच विरलेला, हे ताणाईला ठाऊक असते. पुढची कांडी कोणत्या रंगाची येणार, हे तिला ती हातात पडेपर्यंत कळत नाही.

मागदेशात ‘ताणेवाचे’ नावाचे ज्योतिषी आहेत. ते माणसाचे आयुष्य किती, हे बिनचूक सांगतात आणि तो त्या आयुष्यात काय करील, हे सांगताना हटकून चुकतात. तरीही त्यांच्या दारात रांगा असतात, यात मला काही अवास्तव वाटत नाही.

काळ उलटा फिरवता येतो का?

येतो, पण चार बोटेच. हा नियम मी मनाने काढलेला नाही. तो आजोबांच्या यंत्रमागाच्या शेडमधून आला आहे.

धोट्यातली कांडी संपल्याचे वेळेत लक्षात आले नाही, तर काही फेऱ्या कोऱ्या जातात आणि कापडात आडवी विरळ भेग पडते. एकदा शेजारच्या मागाकडे बघण्याच्या नादात माझ्याकडून तसे झाले. आजोबांनी काही न बोलता मूठ ओढून माग थांबवला, सुईने बाण्याचा एकेक धागा वर काढून कात्रीने तोडला आणि भेगेच्या मागेपर्यंतचे चार बोटे कापड उसवले. उसवलेल्या जागी ताण्याचे धागे केसाळ झाले होते, कारण फणीच्या मारामुळे आणि माझ्या बोटांच्या घामामुळे त्यांची खळ निघून गेली होती. त्यांनी ओल्या हाताने ते धागे सरळ केले, नवी कांडी घातली आणि माग सुरू केला. मला कापड पूर्ववत झालेले दिसले. महिन्याने व्यापाऱ्याने तो तागा ट्यूबलाइटसमोर धरला, आडवा पट्टा बोटाने दाखवला आणि पैसे कापले. घरी येताना आजोबा म्हणाले, ‘‘उसवलेलं दिसतंच रे, फक्त उजेड पलीकडून पाहिजे.’’

मागदेशातले नियम यावरूनच आले आहेत. ताणाईला चार बोटांपर्यंतचा काळ उसवता येतो. माणसांच्या हिशेबात तो साधारण एक रात्र भरतो. उसवलेली रात्र पुन्हा विणली जाते, तेव्हा तिच्यात सापडलेल्या सर्वांवर एक पट्टा राहतो, जो एरवी दिसत नाही. माणूस दिव्याच्या आड उभा राहिला तरच दिसतो. त्या रात्रीतले धागे कायमचे नाजूक होतात. एकच जागा दोनदा उसवली तर ती कशीबशी टिकते, तिसऱ्यांदा ताणाच तुटतो. खेळणाऱ्या मुलांनी या नियमाविरुद्ध पुष्कळ तक्रारी केल्या आहेत आणि तो बदलण्याचा माझा अजिबात विचार नाही.

मृत्यू म्हणजे धागा कापणे का? तिच्या हातात कात्री असते का?

असत नाही. उसवताना जी कात्री लागते ती ताणाईला मागून आणावी लागते आणि ती ज्याच्याकडून आणते त्याची कथा अजून लिहायची आहे.

मागदेशातला मृत्यू मी जोडणीवरून घेतला. मागावरचे बीम, म्हणजे ताणा गुंडाळलेला रूळ, संपत आले, की जुन्या ताण्याची टोके फणीतून काढून टाकत नाहीत. नवे बीम चढवून त्याचा एकेक धागा जुन्या धाग्याच्या टोकाशी पीळ देऊन जोडतात. आमच्याकडे ताणा जोडायला येणारे गृहस्थ मागाच्या पाठीमागे पाटावर बसत, चिमटीला राख लावत आणि दिवसभर मान वर न करता हजारो टोके जोडत. जोडून झाल्यावर माग आधी हाताने, अगदी हळू, पुढे घ्यावा लागतो, कारण सगळे पीळ फणीतून सुखरूप पार व्हायचे असतात. त्यात एखादा अडकतोच.

मागदेशात मरण म्हणजे धाग्याचे टोक येणे आणि त्या टोकाला कोणाचे तरी नवे टोक जोडले जाणे. म्हणून तेथे सुईण आणि प्रेताला शेवटची आंघोळ घालणारी बाई एकच असते; तिला ‘सांधी’ म्हणतात आणि ती दोन्ही कामांना बोटांना राख लावून येते. जोडलेला धागा पहिल्याच माणसाचा पुनर्जन्म असतो का, असे पुष्कळांनी विचारले आहे. नसतो. जागा तीच असते, सूत वेगळे असते. एखादे मूल जन्मतःच अडखळत बोलत असेल किंवा त्याला कोणाची तरी अनोळखी आठवण येत असेल, तर सांधी म्हणते की ‘पीळ फणीत अडकला’.

ही कल्पना ग्रीक पुराणकथांवरून घेतली आहे का?

ग्रीकांच्या तीन मोइराई, म्हणजे नशिबाच्या देवता, मला ठाऊक होत्या. त्यांतली क्लोथो सूत कातते, लाखेसिस ते मोजते आणि आत्रोपोस कापते. पण नीट पाहिले तर त्या तिघींपैकी विणत कोणीच नाही. प्रत्येक आयुष्य तेथे सुटा धागा आहे. कातला, मोजला, कापला आणि संपले. कापड होण्याची पाळीच येत नाही.

विणण्याची प्रतिमा आपल्याकडे फार जुनी आहे. अथर्ववेदाच्या दहाव्या कांडातल्या स्कंभसूक्तात भिन्न रूपांच्या दोन तरुणी सहा खुंट्यांचे वस्त्र विणतात. एक धागे ओढून पसरते, दुसरी ते धरून ठेवते, आणि त्या धागा तोडतही नाहीत व शेवटालाही पोचत नाहीत. महाभारताच्या आदिपर्वात उत्तंक गुरुपत्नीसाठी आणलेली कुंडले तक्षकाने पळवल्यावर त्याच्या मागे नागलोकात उतरतो, तेव्हा त्याला दोन स्त्रिया मागावर काळ्या आणि पांढऱ्या धाग्यांचे वस्त्र विणताना दिसतात आणि सहा कुमार बारा आऱ्यांचे चक्र फिरवताना दिसतात. परतल्यावर गुरू त्याला उलगडा करून सांगतात : त्या स्त्रिया धाता आणि विधाता, धागे म्हणजे रात्र आणि दिवस, चक्र म्हणजे संवत्सर आणि कुमार म्हणजे सहा ऋतू. विधाता, म्हणजे नशीब देणारा, तेथे बाईच्या रूपात मागावर बसलेला आहे, आणि आपण मात्र पुढे त्याच्या हातात लेखणीच पाहत राहिलो. माझे कर्ज आहे ते उत्तंकाच्या कथेचे.

मार्कंडेय महामुनींशी ताणाईचा काही संबंध आहे का?

कथेत नाही, आणि तो असू नये याची मी काळजी घेतली आहे. मार्कंडेय महामुनी हे पद्मशाली समाजाचे श्रद्धास्थान आहेत, नारळी पौर्णिमेला सोलापुरात त्यांचा रथोत्सव निघतो आणि त्या गर्दीत मी लहानपणापासून चाललो आहे. जिवंत श्रद्धेची पात्रे खेळात आणणे मला रुचत नाही. मात्र जेथे मी वाढलो तेथला परिणाम नाकारण्यातही अर्थ नाही. सोळा वर्षांचेच आयुष्य घेऊन आलेला मुलगा शिवलिंगाला मिठी मारतो आणि शंकर यमाला मागे हटवतो, ही कथा ज्या समाजात मूळपुरुषाची म्हणून सांगितली जाते, तोच समाज पिढ्यान्‌पिढ्या मागावर बसतो. याच समाजाचे पूर्वज मानले जाणाऱ्या भावनाऋषींनी कमळाच्या देठातल्या तंतूंचे वस्त्र देवांसाठी विणले, अशीही परंपरा आहे. घरात तेलुगू, गल्लीत मराठी आणि बाजारात कन्नड ऐकत वाढलेल्या मुलाला काळ आणि कापड या दोन गोष्टी एकमेकींपासून फार लांब वाटत नाहीत.

नक्षी तर जॅकार्डच्या कार्डांवर आधीच ठरलेली असते. मग माणसाच्या हातात काय उरले?

असे विचारणारे बहुधा सोलापूरकर असतात. इतरांसाठी थोडक्यात सांगतो. फ्रान्समधल्या ल्यों शहरातल्या जोसेफ मारी जॅकार्डने १८०४ च्या सुमारास सिद्ध केलेल्या यंत्रात भोके पाडलेल्या कार्डांची माळ मागाच्या डोक्यावर फिरत असते. जेथे भोक असेल तेथला ताण्याचा धागा उचलला जातो, नसेल तेथला खालीच राहतो आणि अशी एकेक ओळ होत नक्षी उमटते. सोलापुरी चादरीवरची फुले आणि मोर असेच येतात.

मागदेशातही ताणाईच्या डोक्यावर अंधारात अशी माळ फिरते आणि तिची दोन टोके शिवलेली असल्यामुळे काही शतकांनी त्याच लढाया, तेच दुष्काळ पुन्हा येतात. ती भोके कोणी पाडली, हे ताणाईला माहीत नाही आणि मीही ते कधी उघड करणार नाही. परंतु कार्ड फक्त उभा धागा उचलते. फटीतून जाणाऱ्या बाण्याचा रंग त्याला ठाऊक नसतो. एकाच माळेवर एका मागात लाल-पांढरी आणि शेजारच्यात हिरवी-काळी चादर निघते, हे आमच्या भागात कोणीही सांगेल.

चादर उलटी केली, की तीच नक्षी रंगांची अदलाबदल होऊन दिसते. मागदेशाच्या खालचा ‘उलटपदर’ हा प्रदेश यावरून आला. इथला राजा तिथे भिकारी असतो, एवढ्यावरच थांबतो, कारण पुढची कथा त्याच प्रदेशात घडते.

मागदेशात वेळ कशी मोजतात?

धोट्याची एक फेरी म्हणजे श्वास, एक कांडी म्हणजे प्रहर, एक बीम म्हणजे पिढी. पहाटेला मात्र भोंगा होतो, आणि तो मी सरळ सोलापुरातून उचलला आहे. १८७७ साली सुरू झालेल्या जुन्या मिलपासून पुढे एकेक मिल उभी राहिली आणि या शहराचे उठणे, जेवणे, पाळ्या बदलणे भोंग्यावर चालू लागले. घड्याळ नसलेल्या घरांनाही वेळ कळत असे. मिल बंद पडल्यावर काही म्हातारी माणसे त्या वेळेला उगाच उठून बसत. मागदेशातला भोंगा कोण वाजवतो, हे कोणाला माहीत नाही; तो एखाद्या दिवशी वाजला नाही, तर त्या दिवसाला तारीख मिळत नाही.

तिचा सण कोणता? नैवेद्य काय?

सण एकच : माग पुसून, तेल देऊन, दिवसभर न चालवण्याचा. खंडेनवमीला आपल्याकडे हत्यारांची पूजा होते, तीवरून तो सुचला. नैवेद्याला कडक भाकरी असते, पण शेंगाचटणी नसते, कारण तेलकट बोटांचा डाग कापडावर पडला तर जात नाही.

ती कोपते का?

नाही. तुटलेला धागा सांधताना ती वैतागते, इतकेच.

ताणाईचे चित्र काढायचे आहे. ती कशी दिसते?

दहा हात, मुकुट आणि तेजोवलय कृपया काढू नये. ती खड्ड्याच्या काठावर बसलेली, पाठीत किंचित वाकलेली बाई आहे. तिची पावले दिसत नाहीत. केसांवर आणि भुवयांवर कापसाचा बारीक रोवा बसलेला असतो, त्यामुळे ती आहे त्यापेक्षा म्हातारी वाटते. शेजारी कांड्यांची टोपली असते आणि तिच्यातल्या कांड्यांचे रंग चित्रकाराने स्वतः ठरवावेत. एका शाळकरी मुलीने मला पाठवलेल्या चित्रात ताणाई धोटा मांडीवर ठेवून बशीतून चहा पीत होती. माग थांबला म्हणजे काळही थांबला असणार, मग हे चालेल का, असे मी तिला विचारणार होतो, तेवढ्यात चित्राखाली पेन्सिलीने लिहिलेले दिसले : ‘हा चहा गार होत नाही.’ ते मी तसेच्या तसे मागदेशात घेतले आहे.